'अलाऊड टू कीप टर्म्स' : एटीकेटीला मराठीत काय म्हणावे?

पेडण्याची लेक:
शेजारच्या मुलाची रिट याचिका पर्वरीला उच्च न्यायालयात आहे. कॉलेजने तिसऱ्या वर्षाला घेतले, फी भरून घेतली आणि सहा महिन्यांनी कळवले की पहिल्या वर्षाचा एक विषय राहिलाय, प्रवेश रद्द. वडिलांना इंग्रजी येत नाही, म्हणून याचिकेचा गोषवारा मी मराठीत लिहून देतेय. 'अलाऊड टू कीप टर्म्स'पाशी, म्हणजे विषय राहिला तरी पुढच्या वर्षाला बसू देतात त्या एटीकेटीपाशी, अडले. आधी 'पुढच्या वर्गात ढकलले' लिहिले. त्यांनी त्या शब्दावर बोट ठेवले. "त्याला कोणी ढकललं नाही. नियम होता म्हणून तो गेला." मग 'सत्र राखण्याची मुभा' केले. तर म्हणाले, "कुळागर राखतात, शेत राखतात. सत्र कोणापासून राखायचं?" शब्द सुचवा.

डिचोलीकर:
राखणे म्हणजे नुसता पहारा नव्हे. मान राखतात, शब्द राखतात. पण इथला 'कीप' विलायतेचा. तिथे बॅरिस्टरीच्या विद्यार्थ्यांना 'इन्स' या वकिलांच्या संस्थांच्या भोजनगृहात ठरलेली जेवणे जेवावी लागत, तेव्हा त्यांची टर्म धरली जाई. म्हणजे हा हजेरीचा हिशेब. 1985 साली गोवा विद्यापीठ सुरू झाले, त्याआधी आमची कॉलेजे मुंबई विद्यापीठाखाली होती. तेव्हा आम्ही 'टर्म भरली' म्हणायचो. तेच लिहा.

सांग्याची मास्तरीण:
नाही पटत, काका. भरलेली टर्म मागची असते, एटीकेटीतली टर्म पुढची. माझ्या वर्गातली मुले 'केटी लागली', 'दोन केट्या आहेत' म्हणतात आणि घरोघरी ते कळते. एटीकेटीच ठेवा.

केरीकर:
आद्याक्षरांची मोळी म्हणजे शब्द नव्हे. 'सशेष वर्गोन्नती' म्हणा. चार वेळा छापला की रुळेल. 'महापौर', 'दिनांक' असेच रुळले.

सांग्याची मास्तरीण:
महापौर शहरात एक असतो, केटी वर्गात वीसजणांना लागते. रोज तोंडी येणाऱ्या शब्दाला अशी जड पगडी पेलत नाही.

फोंड्याचा वकील:
'वर्गोन्नती' कोर्टात घात करील. 2020 साली कोविडमध्ये 'प्रमोट' शब्दावरून केवढा गोंधळ झाला ते आठवा. अंतिम वर्षाच्या मुलाला कुठल्या वर्गात चढवणार? तिथे प्रमोट करणे म्हणजे थेट पदवी देणे. सर्वोच्च न्यायालयाने त्या ऑगस्टमध्ये सांगितले की परीक्षेची तारीख पुढे ढकलून मागता येईल, पण अंतिम परीक्षेशिवाय राज्याला विद्यार्थी पास करता येणार नाहीत. वरच्या वर्गात बसणे वेगळे, उत्तीर्ण होणे वेगळे. तुमच्या शेजाऱ्यांचा सगळा खटला या फटीत आहे.
आणखी एक. गोषवाऱ्यात 'फेरतपासणी' असा मोघम शब्द घालू नका. गुणपडताळणी म्हणजे बेरीज आणि तपासायचे राहिलेले उत्तर बघणे. पुनर्मूल्यांकन म्हणजे उत्तर नव्याने तपासणे. महाराष्ट्र बोर्डाच्या खटल्यात 1984 साली याच फरकावर निकाल झाला. नियमात पुनर्मूल्यांकन नसेल तर ते हक्क म्हणून मागता येत नाही. उत्तरपत्रिका बघायचा हक्क माहिती अधिकाराखाली मिळाला तो 2011 मध्ये.

डिचोलीकर:
वकीलसाहेब 'उत्तीर्ण' म्हणाले म्हणून सांगतो. उत्+तॄ, म्हणजे तरून पलीकडे गेलेला. त्याच धातूचा आपला तारी, होडीवाला. म्हापशाचा तार भागही त्यातलाच असणार, तिथे नदीचा उतार होता.

केरीकर:
ताराबद्दल पुरावा द्या. गावांच्या नावांत वाटेल ते धातू शोधता येतात.

डिचोलीकर:
पुरावा माझी आजी. ती तारावरून पलीकडे जायची.

पेडण्याची लेक:
काल रात्री मुलाच्या वडिलांना वाचून दाखवले: 'विषय बाकी असताना पुढच्या वर्गात बसण्याची परवानगी'. हे लगेच कळले. कागद हातात घेऊन पुन्हा वाचला आणि विचारले, "परवानगी दिली होती, तर मग काढून कशी घेतली?" वकीलसाहेब, इंग्रजीत 'प्रोव्हिजनल' आहे. 'तात्पुरती' लिहू की 'सशर्त'? शुक्रवारी सुनावणी आहे.

केरीकर:
'परवानगी' फारसी आहे. 'अनुज्ञा' लिहा.

सांग्याची मास्तरीण:
अनुज्ञा त्या बापाला कोण समजावणार? 'सशर्त'च लिही गो. अट कुठली होती आणि ती त्याला आधी सांगितली होती का, हे लगेच विचारता येते.