मांजर पायाला अंग घासते, पण कुरवाळलं की चावते

विश्रामबागकर, सांगली:
मांजरी दोन वर्षांची, नसबंदीचं ऑपरेशन झालेलं नाही. दार उघडलं की शेपटी उभी करून येते, पिंढरीला गाल घासते, ढुशी देते. पाठीवरून हात फिरवला की सात-आठ वेळा गप्प, मग एकदम मनगटाला दात. शिवाय चौकटीच्या कोपऱ्यावर तिच्या गालाच्या उंचीला तपकिरी, तेलकट डाग पडलाय. रोज फिनाईलने पुसतो, ती परत तिथंच घासते. काय चुकतंय?

कृष्णाकाठ:
फिनाईल आजच बंद करा. त्यातलं फिनॉल मांजराला विषारी असतं, तिचं यकृत ते पचवून बाहेर टाकू शकत नाही, आणि पंजे चाटताना ते पोटात जातं. डाग म्हणजे तिच्या गालातल्या गंधग्रंथींचा स्राव. पुसला की वास जातो, म्हणून ती नव्याने लावते. राहू द्या तो. फारच खुपला तर साध्या ओल्या फडक्याने पुसा.

अशाच ग्रंथी हनुवटीखाली, ओठांच्या कोपऱ्यात, डोळा आणि कान यांमधल्या विरळ केसांत, शेपटीच्या बुडाशी असतात. बाहेरून आलात की तुमच्या पायांना परका वास असतो, त्यावर ती घरचा वास चढवते. नुसता मालकी हक्क म्हणणं मला पटत नाही, कारण एकमेकांशी पटणारी मांजरंही अशीच अंग घासतात.

आता चावणं. उभ्याने वरून हात नेऊ नका. खाली बसा, एक बोट तिच्या नाकाच्या उंचीवर धरा आणि तिला येऊ द्या. गाल टेकवला की गाल, हनुवटी, कानाचं बूड एवढंच खाजवा, तीन सेकंद. मग हात मागे. परत ढुशी दिली तर परत. पाठीची कातडी थरथरली, शेपटीचं टोक आपटायला लागलं किंवा कान आडवे झाले की तिथंच थांबा. तुमच्या सात-आठ वेळांत हे तिसऱ्या-चौथ्यालाच दिसत असणार. दात रुतले तर हात हिसडू नका, ढिला सोडा. जखम साबण लावून वाहत्या पाण्याखाली 15 मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी सिव्हिलला दाखवा, रेबीजची लस लागते.

अजिंक्यतारा, सातारा:
ऑपरेशन झालेलं नाही म्हणून एक भर. माजावर आलेली भाटीही (मांजरीही) खूप घासते, पण सोबत लोळते, रात्रभर ओरडते, पुढून दबून मागचा भाग वर करते. साधारण आठवडाभर हे चालतं आणि दोन-तीन आठवड्यांनी पुन्हा येतं. ऑपरेशनने ते थांबतं, पायाला घासणं राहतंच.

कपाळ भिंतीला न घासता नुसतं दाबून उभी राहिली तर मात्र लगेच डॉक्टर गाठा, तो मेंदूचा किंवा यकृताचा त्रास असू शकतो. एकाच गालाने घासते आणि लाळ गळते, तर दात तपासून घ्या.

विश्रामबागकर:
आडवी पडून पोट दाखवते तेव्हा?

कृष्णाकाठ:
पोटाला हात नको. तिथंच बसून गालापाशी बोट धरा.