पाण्याचा व्हॉल्व्ह आणि रस्ता, कायदा वेगळा

"आंदोलनात शांततेत बसलं काय नि पाण्याचा व्हॉल्व्ह बंद केला काय, गुन्हा एकच", असं काही जण म्हणतात. ते चुकीचं आहे, आणि या समजापायी पोरं विनाकारण अडकतात.

सार्वजनिक मालमत्ता नुकसान प्रतिबंध अधिनियम 1984 नुकसान झालं तरच लागतो. साध्या मालमत्तेसाठी कलम 3(1), शिक्षा 5 वर्षांपर्यंत. पण पाणी, वीज, सांडपाणी, सार्वजनिक वाहतूक, दूरसंचार यांच्या यंत्रणेचं नुकसान केलं की कलम 3(2). त्यात किमान 6 महिने सक्तमजुरी आहे, आणि आग लावली तर कलम 4 खाली किमान 1 वर्ष, कमाल 10. जामिनाआधी सरकारी पक्षाला विरोधाची संधी द्यावीच लागते, म्हणून उशीर होतो. सोलापूरला पाणी देणाऱ्या उजनी धरणाच्या जलवाहिनीवर राग काढू नका हे त्यासाठीच सांगतोय; शिवाय तहान शहराचीच.

रेल रोकोला रेल्वे अधिनियमाचं कलम 174 आहे, नुकसान नसलं तरी 2 वर्षांपर्यंत.

सोलापुरातल्या पूनम गेटसमोरच्या शांततेतल्या धरण्याचं गणित निराळं. तिथे आधी बघायचं, जमावबंदी आहे का. पोलीस आयुक्तांचा आदेश महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या 37(3) खाली असेल तर एका वेळी 15 दिवस. पुढे न्यायचा तर शासनाची मंजुरी लागते. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 163 खाली असेल तर 2 महिने. धरण्याच्या परवानगीचा अर्ज लेखी द्या, पोच घ्या, नकार मिळाला तर कारणं लेखी मागा. सर्वोच्च न्यायालयाने 1972 च्या हिम्मतलाल शहा निकालात म्हटलंय, सभेचं नियमन करता येतं, सरसकट बंदी नाही. उच्च न्यायालयात जायचं तर हाच कागद लागतो.