उत्तराखंडचे वणवे: चीड तोडून बांज लावावा का?

पाणलोट

एप्रिल उजाडला की कुमाऊँ-गढवालचे डोंगर पेटायला लागतात. 2016 मध्ये हवाई दलाची हेलिकॉप्टरं भीमतालचं पाणी उचलून डोंगरांवर ओतत होती. जून 2024 मध्ये अल्मोड्याजवळच्या बिनसर अभयारण्यात आग विझवायला गेलेल्या वन कर्मचाऱ्यांचे जीव गेले. दर वेळी चर्चा होते ती आग कोणी लावली याची. पेटतं काय, याकडे मात्र फारसं कोणी बघत नाही.

पेटतो तो पिरूळ, म्हणजे चीड पाइनच्या वाळलेल्या सुया. त्या मुख्यतः मार्च ते जूनमध्ये गळतात, म्हणजे नेमक्या कोरड्या दिवसांत. त्यांत राळ असते, त्या लवकर कुजत नाहीत, आणि जमिनीवर त्यांचा पोकळ थर बसतो. त्यातून हवा खेळते, त्यामुळे आग एका रेषेत उतार चढत जाते. खुद्द चीडाचं मात्र फारसं बिघडत नाही. मोठ्या झाडाची साल जाड असते आणि त्याचं पंख असलेलं बी उघड्या मातीवर चांगलं रुजतं. आग ती माती त्याला मोकळी करून देते. बांजाचं (हिमालयी ओकचं) कोवळं रोप त्याच आगीत मरतं. त्यामुळे प्रत्येक वणव्यानंतर चीडाची हद्द बांजाच्या रानात थोडी आणखी घुसते.

माझं मत सरळ आहे. 1981 पासून 1000 मीटरच्या वर हिरवी झाडं तोडायला बंदी आहे. निदान 1200 ते 2200 मीटरच्या बांज पट्ट्यात चीडापुरती ती उठवा, चीड काढा आणि बांज लावा. बांजाच्या पानांच्या कुजलेल्या थरात पाणी मुरतं, नौले (दगडी बांधणीचे झरे) जिवंत राहतात. चीड हे इंग्रजांनी रेल्वेच्या रुळांखालच्या स्लीपरसाठी आणि राळेसाठी आणून लावलेलं झाड आहे. ते जपण्याचं काही कारण नाही.

बखर

शेवटची दोन वाक्यं मान्य नाहीत. चीड हिमालयाचंच झाड आहे, इंग्रजांच्या हजारो वर्षं आधीपासून तिथे आहे. 1815 मध्ये कुमाऊँ हातात आल्यावर इंग्रजांनी चीड आणला नाही, त्याला झुकतं माप दिलं. खोडाला चीर दिल्यावर पाझरणारा लिसा (कच्ची राळ) गोळा करून टर्पेंटाइन आणि रोझिन काढता येत होतं, लाकडावर प्रक्रिया करून रेल्वेचे स्लीपर होत होते. बांजाच्या वाकड्या लाकडाला त्यांच्या लेखी किंमत नव्हती. गावकऱ्यांना मात्र चारा, सरपण आणि नांगराचं लाकूड बांजच देत होता.

1893 मध्ये गावांच्या मोजणीबाहेरची सगळी जमीन सरकारी संरक्षित वन ठरली. 1911 ते 1917 दरम्यान बरंचसं जंगल राखीव झालं आणि चराई, पानतोड, गवतासाठी लावायची आग या सगळ्यांवर बंधनं आली. जानेवारी 1921 मध्ये बागेश्वरच्या उत्तरायणी मेळ्यात बद्रीदत्त पांडे आणि सहकाऱ्यांच्या पुढाकाराने लोकांनी वेठबिगारीची रजिस्टरं सरयूत बुडवली. त्याच उन्हाळ्यात राखीव जंगलं पेटली. इतिहासकारांनी नोंदवलं आहे की जळाली ती प्रामुख्याने धंद्यासाठी राखलेली चीडाची रानं. शेजारची रुंद पानांची जंगलं लोकांनी वाचवली. सरकारला चौकशी समिती नेमावी लागली आणि त्यातून पुढे 1931 चे वन पंचायतीचे (गावचं जंगल सांभाळणाऱ्या गावच्याच समितीचे) नियम आले.

म्हणून विचारतो, तोडणार कोण? ठेका कोणाला? 1973 मध्ये चिपको सुरू झालं ते याच प्रश्नावरून. गावच्या सहकारी संस्थेला अवजारांसाठी अंगूची झाडं नाकारली आणि तीच बाहेरच्या खेळाच्या सामानाच्या कंपनीला दिली. मार्च 1974 मध्ये रेणीत गौरादेवी आणि गावच्या बायका उभ्या राहिल्या त्याही ठेकेदाराच्या मजुरांसमोर. बंदी उठली की पहिला ट्रक लाकडाचा निघेल. बांजाचं रोप मागून येईल, की येणारच नाही?

रोपवाटिका

@पाणलोट, हेतू पटतो, पण सांगितलेल्या पद्धतीने बांज उगवणार नाही.

बांजाचं बी हिवाळ्यात पिकतं. ते सुकलं की मरतं, म्हणून गोण्यांत भरून ठेवता येत नाही. गोळा केलं की पाण्यात टाकायचं, तरंगेल ते फेकायचं (बहुतेक किडलेलं असतं) आणि बुडालेलं लगेच पिशवीत किंवा जागेवर पेरायचं. रोप फार हळू वाढतं, त्यामुळे वाटिकेत दीड-दोन वर्षं ठेवून पहिल्या दमदार पावसात, जुलैत लावायचं. 30 सेंटिमीटरचा खड्डा, पानकुजीची माती, वर पाचोळ्याचं आच्छादन. पुढे निदान पाच वर्षं गाय-बकरी आणि आग या दोन्हींपासून राखण. यातलं एक जरी चुकलं तरी लागवडीच्या फलकाशेजारी नुसते खड्डे उरतात.

सावली याहून महत्त्वाची. बांजाच्या कोवळ्या रोपाला विरळ सावली हवी. चीड सरसकट काढला तर उतार उघडा पडतो, माती तापते आणि त्या मातीत पुन्हा चीडच रुजतो. म्हणजे खर्च करून चीडाचीच लागवड होईल. त्याऐवजी चीडाखाली जिथे बांज, काफळ, बुरांसची रोपं आपोआप आली आहेत तिथेच चीड विरळ करायचा, टप्प्याटप्प्याने, आणि तेही उत्तरेकडच्या ओलसर उतारांवर. दक्षिणेकडच्या तापलेल्या, दगडाळ उतारावर बांजाचा हट्ट धरू नये. तिथे चीडच टिकतो आणि माती धरून ठेवतो.

बांज फक्त आगीने मागे हटत नाही, हेही लक्षात घ्या. चाऱ्यासाठी वर्षानुवर्षं शेंड्यापर्यंत छाटलेल्या झाडाला बीच धरत नाही. वरचं छत्र उघडलं की चीड आत येतो.

पाणलोट

सरसकट तोडीचा मुद्दा मागे घेतो, विरळणी पटली. पण तीही बंदीत अडकते. इंग्रजांच्या काळापासून आखलेल्या जाळरेषा (आग अडावी म्हणून मोकळे ठेवलेले पट्टे) आहेत, काही शंभर फूट रुंदीच्या. त्यांवरच झाडं वाढली आणि 1000 मीटरच्या वर ती कित्येक वर्षं काढताच आली नाहीत. जाळरेषेवर पिरूळ साचला तर ती रेषा आग अडवणार कशी? आणि पाण्याचं काय?

भूजल_वाचक

पाण्याचं सगळं खापर चीडावर फोडू नका. झरा कुठे फुटतो हे खडकांच्या भेगा आणि थरांचा कल ठरवतात. पाणी मुरतं तो उतार कधी कधी डोंगराच्या पलीकडच्या बाजूला असतो. नौल्याभोवती चार बांज लावले आणि मुरण्याची जागा रस्त्याच्या कामात खणली गेली, तर नौला आटणारच. आधी ती जागा शोधा, मग तिथे चर आणि छोटी तळी (स्थानिक शब्द चाल-खाल) खणा. पौडीतल्या उफ्रैंखालला शिक्षक सच्चिदानंद भारती आणि तिथल्या महिला मंडळांनी अशाच लहान तळ्यांसोबत मिश्र झाडं लावली आणि कोरडा पडलेला नाला पुन्हा वाहता केला. बांज हवाच, पण तो एकटा पुरणार नाही.

कांडीकोळसा

पिरूळ उचलणं हा तातडीचा उपाय आहे. सरकारने 2024 मध्ये किलोला 3 रुपयांवरून 50 रुपये भाव जाहीर केला. भाव ऐकायला मोठा होता, अडचण आकारमानाची आहे. सुया इतक्या हलक्या की ट्रक काठोकाठ भरतो, वजन भरत नाही. भाड्यातच पैसा जातो. म्हणून गावातच दाबून गाठोडी किंवा कांड्या करायचं यंत्र हवं. वीज करायची तर साधारण दीड किलो पिरळाला एक युनिट पडतं, पण सुया ओल्या असतील तर वायुयंत्रात (सुयांपासून जळणारा वायू करणाऱ्या यंत्रात) डांबर धरतं आणि इंजिन बंद पडतं. गोळा करायला दिवस मिळतात ते एप्रिल ते जून. त्यामुळे वर्षभराचा साठा पावसाआधी छपराखाली हवा. तोच साठा पेटला तर काय, याचाही विचार आधी करावा लागतो.

सगळा पिरूळ उचलूच नये, तेवढे हात नाहीत. पाऊलवाटा, रस्त्याच्या कडा, वस्तीची वरची बाजू आणि बांजाच्या हद्दीवरचा पट्टा एवढं साफ ठेवलं तरी आग अडवायला जागा मिळते.

सह्यरान

आपल्याकडे विदर्भात तेंदूच्या नव्या फुटव्यासाठी जंगलाची जमीन जाळतात. जिथे ग्रामसभेच्या हातात हक्क आणि तेंदूचा पैसा आला, तिथे आग रोखायला गावच पुढे येतं. 2009 मध्ये सामूहिक वनहक्क मिळालेलं गडचिरोलीतलं मेंढा-लेखा सगळ्यांना माहीत आहे. उत्तराखंडात हजारो वन पंचायती आहेत, पण 1976 आणि 2001 च्या नियमांनी वनविभागाची पकड घट्टच केली. विरळणीतला चीड वन पंचायतीला विकू द्या, मग राखण कोण करणार हे विचारावं लागणार नाही.

अल्मोड्यातल्या शीतलाखेतचं उदाहरण बघा. शेताच्या बांधावरची झुडपं आणि काडीकचरा जाळायची तिथली जुनी पद्धत आहे (ओण). एप्रिल-मेमध्ये जाळलं की ती आग जंगलात शिरते. गावांनी ठरवलं की ओण मार्च संपायच्या आत जाळून व्हायचे. 1 एप्रिलला ते ओण दिवस पाळतात.

बखर

मान्य, पण शीतलाखेतला माणसं आहेत. 2011 च्या जनगणनेत उत्तराखंडात एकही माणूस न राहणारी गावं हजाराहून अधिक होती. त्यांच्या पायऱ्यापायऱ्यांच्या पडीक शेतांवर गवत, झुडपं आणि चीडाची रोपं माजली आहेत. पूर्वी नांगरलेली शेतं जाळरेषेचं काम करायची, आता तीच आग गावापर्यंत आणतात. तिथे वन पंचायत कागदावर आहे, हक्क देऊन वापरणार कोण?

सह्यरान

तिथे शेजारच्या राहत्या गावांच्या पंचायतींना ते क्षेत्र जोडून द्या आणि फेब्रुवारी ते जून मजुरीवर टोळ्या ठेवा. काम ठरलेलं: जाळरेषेवरचा पिरूळ फेब्रुवारी-मार्चमध्ये सकाळच्या दवात थोडा थोडा जाळायचा, पुढे गळणारा दर आठवड्याला दाताळ्याने ओढायचा. आग लागलीच तर खालच्या अंगाला माणूस हवाच, कारण चीडाचे पेटलेले शंकू गडगडत रेषा ओलांडतात आणि खालून दुसरी आग सुरू होते. तेव्हा वर असलेली माणसं मधोमध सापडतात. मजुरी जूनमध्येच हातात पडली पाहिजे. दिवाळीला मिळणार असेल, तर पुढच्या फेब्रुवारीत टोळी उभी राहणार नाही.