४६व्या वर्षी पहिला हिमालयन ट्रेक, बॅचमध्ये एकटीच: हम्पटा की केदारकंठा?

सांजवेळ

नमस्कार मंडळी, बरेच दिवस इथे नुसतं वाचतेय, आज पहिल्यांदा लिहितेय, तर चुकलंमाकलं सांभाळून घ्या. वय ४६. सात-आठ वर्षं सह्याद्रीत फिरतेय, कळसूबाई, रतनगड, हरिश्चंद्रगड झालंय, एकदा नळीच्या वाटेनेही वर गेलेय (पुन्हा जाणार नाही). मुलीची बारावी संपली की हिमालयात जायचं हे दोन वर्षांपासून ठरवून ठेवलंय, घरातलं कोणी यायला तयार नाही म्हणून एखाद्या कंपनीच्या बॅचमध्ये एकटीनेच नाव घालणार आहे.

आता गोंधळ असा की जूनमध्ये हिमाचलातला हम्पटा पास (खिंड) करू की थांबून डिसेंबरात उत्तराखंडातलं केदारकंठा शिखर? दोन्हीपुढे वेबसाइटवर 'बिगिनर फ्रेंडली' लिहिलंय. दुसरं म्हणजे मला दोन वर्षांपासून बीपीची गोळी चालू आहे, अॅम्लोडिपिन ५, बीपी कंट्रोलमध्ये असतं. आणि उंचीच्या त्रासासाठीची ती डायमॉक्सची गोळी घ्यायची की नाही? आमच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर यावरून अक्षरशः दोन पार्ट्या पडल्यात. शिवाय मी चढाला हळू आहे, वीस-पंचविशीतल्या पोरांच्या बॅचमध्ये सगळे माझ्यासाठी ताटकळत बसतील याचीच जास्त लाज वाटतेय. नवरा म्हणतो गाइड असतो ना सोबत, एवढं काय टेन्शन घेतेस.

घाटमाथा_बंद

ताई, आधी अहोंच्या वाक्याबद्दल, कारण मीही असंच म्हणत गेलो होतो. गाइड तंबू लावतो, वाट दाखवतो, जेवण गरम देतो, पण उंचीवर तुमच्या डोक्यात काय चाललंय ते तुम्ही सांगितल्याशिवाय त्याला कळत नाही.

हम्पटाचंच सांगतो. मनाली साधारण २,०५० मीटर, म्हणजे मॉल रोडवर चहा पीत उभे असता तेव्हाच तुम्ही कळसूबाईच्या (१,६४६) चारशे मीटर वर असता. दुसऱ्या दिवशी गाडीने जोबरा आणि थोडं चालून चिका, ३,१०० च्या आसपास. तिसऱ्या दिवशी बालू का घेरा, ३,६०० च्या वर. चौथ्या दिवशी पास, ४,२७०. तिथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या साठ टक्क्यांच्या आसपास असतो. सह्याद्रीतला अनुभव पायांना, गुडघ्यांना, डोळ्यांना कामी येतो, पण उंचीच्या बाबतीत आपण सगळे कोरी पाटी. रोज दहा किलोमीटर पळणारा पोरगा आडवा होतो आणि पासष्टीच्या आजी आरामात पुढे जातात हे मी डोळ्यांनी बघितलंय, फिटनेसचा आणि उंची लागण्याचा फार संबंध नाही.

माझं झालं असं की बालू का घेराला पोचलो तेव्हा दुपारचे तीन वाजले असतील, डोकं मागून ठणकत होतं. वाटलं उन्हाने असेल. रात्री जेवणात राजमा-भात होता, वास आला आणि पोटात ढवळलं, ताट घेऊन तंबूमागे गेलो आणि अर्धं ताट दगडाआड टाकून आलो, का तर लीडरला कळलं तर उद्या पासला नेणार नाही. टेंटमेटने विचारलं तर म्हटलं मस्त जेवलो. पण लीडर पोरगा हुशार होता. ऑक्सिमीटर लावला, माझी बोटं इतकी गार की मशीन आकडाच दाखवेना, मग त्याने ते बाजूला ठेवलं आणि म्हणाला दादा, या दोरीवरून टाचेला पंजा टेकवत दहा पावलं चालून दाखवा. चौथ्या पावलाला मी बाजूला गेलो. मी म्हटलं अंधार आहे, परत करतो. दुसऱ्यांदा तिसऱ्याच पावलाला.

तासाभरात मला खाली काढलं. एक लोकल गाइड आणि एक खच्चरवाले चाचा, हेडटॉर्च लावून. चाचा सगळ्या वाटेवर मला विचारत होते, साहब नाम क्या है, बच्चे कितने, बड़े वाले का नाम, छोटी का नाम, आणि दहा मिनिटांनी पुन्हा तेच. मला राग आला होता, एकदा सांगितलं ना. मागाहून कळलं की ते माझी जीभ अडखळतेय का ते बघत होते. चिकाला पोचलो आणि तासाभरात भूक लागली, तीन पोळ्या खाल्ल्या. पाचशे मीटर खाली आल्यावर एवढा फरक. पास राहिला तो राहिलाच, पुढच्या वर्षी जाऊन केला.

तर तुम्हाला माझा सल्ला हम्पटाच, पण मनालीत एक दिवस जास्त राहा, पोचल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी जीपमध्ये बसू नका.

बर्फाचा_गोळा

मी उलट सांगेन, केदारकंठा. सांकरी १,९५० मीटर, जुडा का तालाब २,७०० च्या पुढे, मग ३,४०० च्या आसपास बेस कॅम्प आणि माथा ३,८१०. उंची हळूहळू मिळते आणि कुठे त्रास झाला तर उतरायला वाट सोपी, हम्पटाला पास ओलांडलात की पलीकडे शिआ गोरूला उतरायचंच आहे, मागे फिरायचं तर पुन्हा पास चढा. फक्त थंडी आहे बरं का, रात्री उणे दहाच्या घरात, पाण्याची बाटली उशाशी ठेवली तर सकाळी दगड. बाटली, मोबाइल, पॉवर बँक सगळं स्लीपिंग बॅगमध्ये घेऊनच झोपायचं. आणि डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात चुकूनही जाऊ नका, माथ्यावर फोटोला लाइन लागते, जत्रा असते नुसती.

डेहराडून ते सांकरी गाडीने आख्खा दिवस जातो आणि वळणं अशी की ट्रेकपेक्षा त्या गाडीचीच जास्त भीती वाटते. उलटीची गोळी जवळ ठेवा.

नाडीपरीक्षा

मी फिजिशियन आहे, पण तपासल्याशिवाय गोळी सांगणं बरोबर नाही, त्यामुळे पुढचं सगळं आपल्या डॉक्टरांना विचारायचे मुद्दे समजा.

कंट्रोलमध्ये असलेलं बीपी म्हणजे ट्रेक बंद असं नाही. उंचीवर पहिले काही दिवस बीपी थोडं वर जातं, म्हणून जायच्या आधी महिनाभर घरचं रीडिंग लिहून ठेवा. अॅम्लोडिपिनची सहसा अडचण नसते. पण गोळीत सोबत लघवी वाढवणारं औषध मिसळलेलं असेल तर डायमॉक्सच्या जोडीने पाणी आणि पोटॅशियम कमी होऊ शकतं. बीटा ब्लॉकर (बीपीच्या औषधांचा एक प्रकार) असेल तर चढाला हृदयाची गती हवी तेवढी वाढत नाही. तुमच्या पाकिटावर एकच नाव आहे ना ते नीट बघा. आणि गोळ्या पाठीवरच्या सॅकमध्ये, खच्चरावरच्या बॅगेत नाही.

डायमॉक्सबद्दल ग्रुपवरच्या दोन्ही पार्ट्या अर्ध्या बरोबर आहेत. ते लक्षणं लपवत नाही, श्वास वाढवून शरीराला उंचीशी लवकर जुळवून घ्यायला मदत करतं. नेहमीचा प्रतिबंधाचा डोस १२५ मिग्रॅ दोनदा, म्हणजे आपल्याकडे मिळणाऱ्या २५० च्या गोळीची अर्धी अर्धी, चढायच्या आदल्या दिवसापासून. बोटांना मुंग्या येतात, लघवीला जास्त होतं, कोल्ड्रिंक पाणचट लागतं, हे सगळं अपेक्षित. सल्फाची अॅलर्जी असेल तर डॉक्टरांना आधी सांगायचं. घरी असतानाच एक-दोन दिवस घेऊन बघा म्हणजे वर गेल्यावर मुंग्यांनी घाबरायला होणार नाही. पण गोळी घेतली म्हणून वाटेल तसं वर जाता येत नाही. ३,००० च्या वर झोपायची जागा रोज पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढू नये आणि तीन-चार दिवसांत एक दिवस थांबावं, हा नियम कायम. घाटमाथा यांनी सांगितलेला जास्तीचा दिवस म्हणूनच महत्त्वाचा आहे, मनाली ते चिका ही एका दिवसातली हजार मीटरची उडी आहे.

डोकं दुखणं, मळमळ, भूक जाणं हे एएमएस, म्हणजे उंची लागणं, तिथे चढणं थांबवायचं. बसल्या जागी धाप लागणं, खोकला, किंवा दारू प्यायल्यासारखी चाल, यातलं काहीही दिसलं तर रात्र असो की पाऊस, खाली. वर झोपेची गोळी आणि दारू दोन्ही नको.

कुंदा_फिरस्ती

सांजवेळताई, हे पुरुष लोक लिहिणार नाहीत म्हणून मीच लिहिते 😄 मी ५१ ची, चार ट्रेक झालेत, दोन एकटीने. बॅचमध्ये बायकांना बायकांसोबतच तंबू देतात पण बुकिंगच्या वेळी स्पष्ट विचारा, आणि एकटीच बाई असाल तर काय करणार तेही विचारा. टॉयलेट टेंट म्हणजे खड्डा, बाजूला मातीचा ढीग आणि एक खुरपं, पाणी नाही. पहिल्या दिवशी ईss होतं, तिसऱ्या दिवशी आपण दुसरीला समजावून सांगत असतो. रात्री बाहेर जायला नको म्हणून बायका संध्याकाळनंतर पाणी पीत नाहीत आणि मग सकाळी डोकं धरून बसतात, तेवढं करू नका. पाळीच्या तारखा उंचीवर पुढेमागे होतात, तारीख नसली तरी सामान न्या आणि वापरलेलं सगळं झिपच्या पिशवीतून परत आणा, वेट वाइप्ससुद्धा.

अजून एक. पहिल्या ट्रेकला रात्री दोनला जाग आली तर शेजारच्या मुलीचा श्वास थांबलेला. मी मोजले, दहा सेकंद काही नाही, मग एकदम खोल श्वास, मग पुन्हा थांबला. मी तिला गदागदा हलवून उठवलं, ती बिचारी शांत झोपली होती. लीडर म्हणाला उंचीवर झोपेत असं होतं बऱ्याच जणांना. आधी माहीत असतं तर तिची झोप वाचली असती.

आणि हळू चालण्याची लाज? शेवटच्या माणसामागे कायम एक गाइड असतो, तो तुमच्यासाठीच पगार घेतो. पुढे पळणारी पोरं कॅम्पला लवकर पोचून लोळतात आणि डोकं धरतात.

उशिरा_पोचणारा

सॅक खच्चरावर द्यावी की नाही यावर कोणी बोललं नाही. माझं मत, ४५ च्या वर असाल तर सरळ द्या, गुडघे आपले आहेत. पण खच्चर कधी कधी आपल्या नंतर तासाभराने पोचतं, त्यामुळे जॅकेट, रेनकोट, कानटोपी, सुके मोजे अंगावरच्या छोट्या सॅकमध्ये हवेत. मोठ्या बॅगेला आतून प्लास्टिकची पिशवी लावा, माझी बॅग एकदा नाल्यात बुडून आली होती.

घाटमाथा_बंद

उशिरा, मला नाही पटत. ताई सह्याद्रीत सॅक घेऊनच चढतात, आठ-नऊ किलो जमतील त्यांना.

उशिरा_पोचणारा

जमेल हो, पण पासच्या दिवशी आठ-दहा तास चालायचं असतं. जमणं वेगळं आणि शेवटच्या उतारावर पाय थरथरणं वेगळं. बाकी बूट नवे असतील तर आत्तापासून घाला, आणि निघायच्या आदल्या दिवशी पायाची नखं कापा. उतारावर बोटं पुढे आदळून माझी दोन नखं काळी पडून गळली.

बर्फाचा_गोळा

कंपनीला काय विचारायचं ते राहिलंच. एका बॅचला किती लोक आणि किती गाइड, ऑक्सिजन सिलिंडर आणि स्ट्रेचर प्रत्येक कॅम्पला की फक्त खाली, हवामान बिघडलं तर जास्तीचा दिवस ठेवलाय का, आणि मागे फिरायचं हे कोण ठरवतं. मी एकदा स्वस्तात गेलो होतो, बत्तीस लोक, दोन गाइड, सिलिंडर होता पण काटा शून्यावर. जून २०२४ मध्ये उत्तराखंडात सहस्रतालला कर्नाटकातल्या २२ जणांच्या ग्रुपमधले नऊ जण खराब हवामानात गेले, तेव्हापासून हे विचारायला मला संकोच वाटत नाही. विमा काढताना किती मीटरपर्यंत लागू आहे ते बारीक अक्षरात वाचा, बऱ्याच पॉलिसींमध्ये ट्रेकिंग धरतच नाहीत.

सांजवेळ

बापरे, किती लिहिलंत सगळ्यांनी! नाडीपरीक्षा, पाकीट बघितलं, एकच औषध आहे. सोमवारी डॉक्टरांची वेळ घेतलीय. दोन कंपन्यांना फोन केला, एकाने गाइडचा आकडा लगेच सांगितला, दुसरा म्हणाला मॅडम तुम्ही फक्त एन्जॉय करायला या. दुसरा कटाप. हम्पटाच करते, जूनच्या शेवटच्या बॅचला, मनालीत दोन रात्री आधी. सॅक द्यायची की नाही ते अजून ठरत नाही, घरी नऊ किलो तांदूळ भरून जिने चढून बघणार आहे.

शेवटचा प्रश्न, शिआ गोरूजवळ नदी ओलांडावी लागते म्हणे, तिथे साध्या चपला चालतील?

कुंदा_फिरस्ती

नको, वाहून जातील. टाचेमागे पट्टा असलेल्या सॅंडल घ्या. पाणी इतकं गार असतं की अर्ध्यात पाय आपले आहेत की नाही कळत नाही, शेजारणीचा हात धरून ठेवा. आणि बूट गळ्यात बांधा, हातात नको.