मदत हवी आहे: कुळांच्या हप्त्यांचे पैसे कुठे गेले?

मंडळी, एम.ए.च्या प्रबंधासाठी तैवानच्या जमीन सुधारणांवर लिहितेय. १९४९ला तिथे कुळांनी मालकाला द्यायचा खंड मुख्य पिकाच्या ३७.५ टक्क्यांवर आणला, १९५३ला कसणाऱ्यांना जमिनी दिल्या. जमीनदारांना मोबदला ७० टक्के भात-रताळ्यांशी बांधलेल्या रोख्यांत, ३० टक्के सरकारी कंपन्यांच्या शेअरमध्ये. चक्क सिमेंट कंपनीचेसुद्धा!

आपल्याकडे कृषक दिन, म्हणजे कुळकायद्याने कुळांना कसत्या जमिनीचे खरेदीदार मानलं तो दिवस, १ एप्रिल १९५७. आजोबांचं कलम ३२-म चं, जमीन विकत घेतल्याचं प्रमाणपत्र अजून ट्रंकेत आहे, घड्यांवर फाटलेलं. पण इथे मालकांच्या हाती शेअर नाही, तर कुळांनी जमिनीच्या किमतीपोटी भरलेले हप्ते आले. ते पुढे धंद्यात गेले की घरखर्चात विरले? यावर मराठीत काही वाचलंय का कुणी? मूळ मालकांच्या घरातलं कुणी असेल तर फारच बरं. गाइड म्हणतात तुलना सोडून दे, मला पटत नाहीये.