समरी दाव्यात बचावाची परवानगी : मान्य रक्कम आधी कोर्टात भरावी लागेल का? (मदत हवी आहे)

नमस्कार. सांगलीत आमचा हळद पावडरीचा छोटा कारखाना आहे. परजिल्ह्यातील एका व्यापाऱ्याने आमच्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खाली समरी दावा (झटपट निकालाचा पैशांचा दावा, ज्यात बचाव करायलाही कोर्टाची परवानगी लागते) लावला असून, रक्कम तीन लाखांच्या वर असल्याने तो वाणिज्यिक दावा म्हणून चालेल. पहिले समन्स मिळाल्यावर मुदतीत वकीलपत्र देऊन हजेरी नोंदवली आहे. आता ‘समन्स फॉर जजमेंट’ (वादीने निकाल मागितल्याचे दुसरे समन्स) हाती आले आहे आणि तेव्हापासून दहा दिवसांत प्रतिज्ञापत्रासह लीव्ह टू डिफेंडचा, म्हणजे बचावाच्या परवानगीचा, अर्ज द्यायचा आहे. आमचे वकील विश्वासू आहेत, पण त्यांचे काम मुख्यतः जमिनीच्या व वाटपाच्या दाव्यांचे असल्याने जाणकारांना विचारत आहे.

हळकुंडांचे दोन लॉट उधारीवर घेतले होते. पहिल्याबद्दल तक्रार नाही. दुसऱ्या लॉटची पोती फोडली तेव्हा वरची हळकुंडे कडकन मोडत होती, तळाची मात्र नुसती लवत होती आणि बळेच मोडली तर आत बुरशीची पांढरी झाक दिसत होती. असा माल दळून लोकांच्या स्वयंपाकघरात पाठवणे आम्हाला शक्यच नव्हते. त्याच दिवशी वादींना व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो पाठवले, ‘माल परत पाठवा, बिल दुरुस्त करून देतो’ असे उत्तर आले, म्हणून ई-वे बिल (मालवाहतुकीचा जीएसटी परवाना) काढून पोती परत केली. त्यांच्या गोदामाच्या शिक्क्याची पोच आमच्याकडे आहे. क्रेडिट नोट (परत मालाची रक्कम वजा केल्याची चिठ्ठी) मात्र आली नाही, हिशेब तिथेच अडला, आणि आता दावा दोन्ही बिलांच्या पूर्ण रकमेचा, शिवाय बिलाच्या तळाशी छापलेल्या २४ टक्के व्याजासह आहे.

आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाऊन या निकालात सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये सांगितले आहे की बचाव भक्कम असेल तर परवानगी विनाअट मिळते, आणि बचावाच्या प्रामाणिकपणाविषयी शंका असेल तर रक्कम भरण्याची अट घालता येते. परत केलेल्या मालाबाबत आमचा बचाव पहिल्या प्रकारात बसतो असे मला मनापासून वाटते.

खरी अडचण पहिल्या लॉटची आहे. ते पैसे आम्ही देणे लागतो आणि शपथेवर ते नाकारण्याची आमची तयारी नाही. तसे केले तर खऱ्या बचावावरचाही न्यायाधीशांचा विश्वास उडेल. परंतु आदेश ३७ च्या नियम ३(५) नुसार दाव्यातील काही रक्कम प्रतिवादीला मान्य असेल, तर ती कोर्टात भरल्याखेरीज परवानगी मिळत नाही. मग फक्त मुद्दल भरून, व्याज अमान्य असल्याचे प्रतिज्ञापत्रात लिहिले तर चालते का? की कोर्ट मान्य मुद्दलावरचे व्याजही मान्यच धरते? छापील व्याजाच्या अटीवर आमची सही कुठेही नाही.

आणखी एक मुद्दा आहे. वाणिज्यिक न्यायालय कायद्याच्या कलम १२अ प्रमाणे, तातडीचा दिलासा मागितलेला नसल्यास दाव्यापूर्वी मध्यस्थी सक्तीची आहे, हे पाटील ऑटोमेशनच्या २०२२ च्या निकालाने पक्के झाले. आम्हाला विधी सेवा प्राधिकरणाची नोटीस आली नाही, दाव्याच्या कागदांतही तसा अहवाल दिसत नाही. दावा फेटाळण्याचा अर्ज वेगळा देऊन परवानगीचा अर्ज मागे ठेवला तर दहा दिवसांची मुदत उलटेल अशी धास्ती वाटते. दोन्ही अर्ज एकाच वेळी देणे योग्य ठरेल का? आणि व्हॉट्सअ‍ॅपच्या संदेशांसाठी भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चे (इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारे) प्रमाणपत्र याच टप्प्यावर जोडावे का?

ज्यांनी असा दावा लढवला किंवा चालवला आहे, त्यांनी कृपया प्रत्यक्षात काय घडले ते लिहावे, म्हणजे प्रतिज्ञापत्राचा मसुदा पक्का होण्याआधी वकिलांशी बोलता येईल.