शिंकान्सेनचा गेज वेगळा ठेवला, मग जपानभर जाळं कसं विणलं?

ऋता_विरार

नमस्कार. मी सिव्हिलच्या तिसऱ्या वर्षाला आहे, राहते विरारला. वर्गात बुलेट ट्रेनवर सेमिनार आहे आणि माझ्या वाट्याला आलाय विस्ताराचा भाग, म्हणजे पहिला मार्ग झाल्यावर तो देशभर कसा पसरतो. जपानपासून सुरुवात केली आणि तिथेच अडले.

जपानचे जुने रूळ १०६७ मिमी गेजचे (गेज म्हणजे दोन रुळांमधलं अंतर), शिंकान्सेनचे, म्हणजे त्यांच्या बुलेट ट्रेनचे, १४३५ चे. आपल्याकडेही तेच होतंय. भारतीय रेल्वे १६७६ आणि मुंबई-अहमदाबाद १४३५. म्हणजे वेगवान गाडी जुन्या मार्गावर कधीच उतरणार नाही. फ्रान्समध्ये १९८१ ला पॅरिस-ल्यों मार्ग सुरू झाला तेव्हा टीजीव्ही ही तिथली वेगवान गाडी नव्या रुळांवरून सुसाट यायची आणि पुढे जुन्याच रुळांवरून गावोगावच्या स्टेशनात शिरायची. मग जपानने मुद्दाम वेगळा गेज का घेतला? आणि घेतला तर पुढच्या गावांचं काय केलं? कोणी नीट समजावेल का?

कुर्डुवाडीकर

ऋता, तुझा प्रश्न मुळालाच हात घालणारा आहे. मी रेल्वेत पी-वेला होतो. रूळ, स्लीपर, खडी यातच नोकरी गेली, आता निवृत्त आहे. त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

गेज बदलतो तिथे काय होतं ते आम्ही कुर्डुवाडीच्या पोरांनी फलाटावरच पाहिलंय. एका बाजूला मुंबई-सोलापूर ब्रॉडगेज, दुसऱ्या बाजूला बार्शी लाइटची अडीच फुटी नॅरोगेज. आषाढीला पंढरपूरला निघालेला वारकरी मोठ्या गाडीतून उतरायचा, बोचकं डोक्यावर घ्यायचा आणि छोट्या गाडीत जागा शोधायचा. मालाचं प्रत्येक पोतं हमालाच्या पाठीवरून एका वाघिणीतून दुसरीत जायचं. मिरजेला तर एके काळी ब्रॉड, मीटर आणि नॅरो तिन्ही होते. हा त्रास संपवायलाच १९९२ पासून देशभर एकच गेज करण्याचं काम जोरात सुरू झालं. सांगायचं एवढंच की वेगळा गेज घेतला की त्याची किंमत कोणीतरी रोज मोजतं, आणि बहुतेक वेळा ती प्रवासी मोजतो.

जपानला ही किंमत ठाऊक होती. तरी त्यांनी ती का मोजली?

त्यांची पहिली रेल्वे १८७२ ची, टोकियोतल्या शिंबाशीपासून योकोहामापर्यंत. तेव्हा १०६७ मिमी निवडला कारण खर्च कमी आणि डोंगरात तीव्र वळणं घेता येतात. पुढे देशभर तोच पसरला. १९५० च्या दशकात टोकियो-ओसाकाचा टोकाइदो मार्ग तुंबला. सरकारी रेल्वेच्या एकूण लांबीत त्याचा वाटा ३ टक्क्यांच्या आसपास, पण देशातली जवळजवळ चौथा हिस्सा वाहतूक त्याच्यावर. लोकल, रात्रीची एक्सप्रेस, मालगाडी, सगळं त्याच रुळांवर. विरार-डहाणू पट्ट्यात राहणाऱ्याला हे समजावून सांगायला नको.

पर्याय तीन होते. जुन्या रुळांशेजारी तसलेच आणखी दोन टाकायचे, किंवा वेगळ्या वाटेने तोच १०६७ चा नॅरोगेज न्यायचा, किंवा वेगळ्या वाटेने १४३५ चा स्टँडर्ड गेज. शिंजी सोगो १९५५ ला रेल्वेचे अध्यक्ष झाले तेव्हा ७१ वर्षांचे होते. त्यांनी तिसरा पर्याय रेटून नेला आणि हिदेओ शिमा यांना मुख्य अभियंता म्हणून परत बोलावलं. युद्धकाळात अशाच एका वेगवान मार्गाचं काम सुरू होऊन थांबलं होतं, त्यातली काही जमीन आणि बोगद्यांचं काम कामी आलं. जागतिक बँकेकडून ८ कोटी डॉलरचं कर्ज घेतलं. खर्च मात्र सुमारे २०० अब्ज येनवरून ३८० अब्जांपर्यंत गेला आणि १९६३ ला दोघांनाही पद सोडावं लागलं. १ ऑक्टोबर १९६४ ला ५१५ किलोमीटरचा मार्ग सुरू झाला तेव्हा ते पदावर नव्हते. मला आजही याची हळहळ वाटते.

आता तुझं 'का'. पहिलं कारण सगळेच सांगतात: रुंद गेजवर रुंद डबा आणि वेगात स्थिरता. माझ्या मते खरा फायदा दुसराच आहे. गेज वेगळा म्हटल्यावर जुनं काहीही आत येऊच शकत नाही. मालगाडी नाही, पॅसेंजर नाही, कुठे फाटक नाही. सगळ्या गाड्या एका जातीच्या, त्यांचा ब्रेक जवळपास सारखा लागतो, म्हणून एकामागे एक जवळ सोडता येतात. आज टोकाइदोवर गर्दीच्या वेळी एका दिशेला तासाला १७ गाड्या धावू शकतात. आणि रात्री १२ ते सकाळी ६ सगळं बंद. त्या सहा तासांत रूळ फक्त देखभाल करणाऱ्यांचे. ब्लॉक, म्हणजे कामासाठी गाड्या थांबवून मिळणारा वेळ, मिळणं किती अवघड असतं हे रुळावर काम केलेल्या कोणालाही विचार, मग या सहा तासांचं मोल कळेल. साठ वर्षांत तिथे गाड्यांची टक्कर होऊन किंवा गाडी रुळावरून घसरून एकही प्रवासी दगावलेला नाही. त्यात या रात्रींचा वाटा फार मोठा आहे.

पण हे सगळं टोकियो-ओसाकासारख्या दाट वस्तीच्या पट्ट्याला शोभतं. १९७२ ला ओकायामा, १९७५ ला हाकाता (फुकुओका शहराचं स्टेशन) इथपर्यंत गाडी पोचली. १९७० ला देशभर शिंकान्सेन नेण्याचा कायदाही झाला. आणि मग तुझा दुसरा प्रश्न त्यांच्यासमोर उभा राहिला: यामागातासारख्या गावाचं काय? तिथे पूर्ण नवा मार्ग बांधण्याइतके प्रवासी नाहीत.

त्यांनी तिथे जुन्याच मार्गाचा गेज बदलला. फुकुशिमा ते यामागाता हे रूळ १४३५ चे केले आणि १९९२ पासून टोकियोची गाडी थेट यामागाताला जायला लागली. पण वळणं तीच, फाटकं तीच, बोगदे तेच. म्हणून डबे अरुंद घ्यावे लागले, शिंकान्सेनच्या फलाटावर दाराखालून पायरी बाहेर येते, आणि त्या पट्ट्यात वेग १३० च्या वर जात नाही. काटेकोर हिशेब लावला तर ही तडजोड आहे. मला मात्र ती फार शहाणपणाची वाटते, कारण प्रवाशाला उतरावं लागत नाही. १९९७ ला अकिताला असंच केलं.

हाकाताकर

काकांनी छान लिहिलंय. मी काही वर्षं फुकुओकात नोकरीला आहे, म्हणून क्यूशूचं, म्हणजे इथल्या दक्षिणेकडच्या बेटाचं सांगतो. ऋता, तुझ्या सेमिनारला हे उदाहरण घेच.

नागासाकीची शिंकान्सेन २३ सप्टेंबर २०२२ ला सुरू झाली. ताकेओ-ओन्सेन ते नागासाकी, ६६ किलोमीटर, पाच स्टेशनं, आणि बाकीच्या शिंकान्सेनशी कुठेही जोडलेली नाही! हाकाताहून आधी जुन्या नॅरोगेजवरच्या एक्सप्रेसने ताकेओला जायचं, समोरच्याच फलाटावर उभ्या असलेल्या शिंकान्सेनमध्ये बसायचं. वेळ अर्ध्या तासाच्या आसपास वाचतो. आईबाबा सांगलीहून आले होते तेव्हा त्यांना घेऊन गेलो. आईचा गुडघा दुखतो, पण जिना चढायचा नाही म्हटल्यावर ती निवांत बसली. दोन्ही गाड्यांचे आसनक्रमांक एकाच तिकिटावर. बदलणं भागच असेल तर ते इतकं सोपं हवं.

मूळ बेत वेगळा होता. चाकांमधलं अंतर धावताधावता बदलेल अशी गाडी आणायची होती, म्हणजे उतरायचा प्रश्नच नाही. तिच्यावर दोन दशकं काम केलं. २०१४ च्या चाचणीत आसाच्या भागांची झीज दिसली, खर्चही फार होता, शेवटी तो नाद सोडला. मधला तुकडा बांधायचा तर तो सागा प्रांतातून जाणार, आणि सागाचे लोक तयार नाहीत. त्यांचं म्हणणं मला पटतं. सागाहून हाकाता आजच पाऊण तासाच्या आत येतं. नव्या मार्गाने त्यांची थोडीशीच मिनिटं वाचणार, पण बांधकामाच्या खर्चात प्रांताला वाटा द्यावा लागणार (नियम असा की रेल्वे कंपनीचं भाडं वजा जाता उरलेल्यातला एक तृतीयांश स्थानिक सरकारांचा), वर जुन्या मार्गावरच्या गाड्या कमी होण्याची भीती.

पालघरवाला_नाना

जुन्या मार्गाचं काय होतं, हाच माझा प्रश्न. आमच्याकडे २०१३ ला डहाणूपर्यंत लोकल आली तेव्हा कुठे जरा श्वास घेता आला. विरार-डहाणू चौपदरी होण्याची वाट बघतोय. बुलेट ट्रेनचे खांब आमच्या तालुक्यातून चाललेत, ज्यांच्या जमिनी गेल्या ती माणसं आमच्या रोजच्या ओळखीची आहेत. रोज नोकरीला जाणाऱ्याला त्यातून काय मिळणार? जपानमध्ये नवीन मार्ग आल्यावर जुन्यावरच्या लोकल वाढल्या की कमी झाल्या?

कुर्डुवाडीकर

नाना, दोन्ही घडलं. कुठे काय घडलं ते नीट पाहायला हवं.

टोकाइदोवर लांब पल्ल्याच्या दिवसा धावणाऱ्या एक्सप्रेस शिंकान्सेनकडे गेल्या. रिकामी झालेली जागा मालगाड्यांना आणि लोकलना मिळाली. नवा मार्ग बांधण्यामागे हाच हेतू होता आणि तो साधला, कारण तिथे माणसंच प्रचंड. तुमचा पट्टा या प्रकारात मोडतो.

विरळ वस्तीत उलटं झालं. नंतरच्या मार्गांसाठी असा नियम ठरला की शिंकान्सेन आली की तिला समांतर जुना मार्ग रेल्वे कंपनी सोडून देऊ शकते. मग प्रांत आणि नगरपालिका मिळून तो वेगळ्या कंपनीतर्फे चालवतात. १९९७ ला नागानोची शिंकान्सेन आली तेव्हा करुइझावाच्या पुढचा जुना मार्ग असा स्थानिक कंपनीकडे गेला. आणि योकोकावा ते करुइझावा हा उसुई घाटाचा तुकडा चक्क बंद केला. त्या घाटाची चढण १५ ला १ होती. आपला बोरघाट ३७ ला १ आहे आणि तरी कर्जतला बँकर, म्हणजे मागून ढकलणारी इंजिनं, लावावे लागतात! शंभर वर्षांहून जास्त काळ तिथल्या माणसांनी इंजिनं जोडून, सोडून गाड्या चढवल्या आणि उतरवल्या. ३० सप्टेंबर १९९७ ला शेवटची गाडी गेली. घाटातल्या माणसाला हे वाचताना वाईट वाटल्याशिवाय राहत नाही. आज योकोकावाहून रेल्वेने करुइझावाला जाता येत नाही, बस पकडावी लागते.

होकुरिकू या जपान समुद्राकडच्या भागाचंही तसंच. १६ मार्च २०२४ ला शिंकान्सेन त्सुरुगापर्यंत वाढली. टोकियोहून कानाझावाच्या पुढे जाणाऱ्याची सोय झाली. पण ओसाकाहून कानाझावाला कालपर्यंत एकाच एक्सप्रेसने जाणारा माणूस आता त्सुरुगाला उतरून, खालच्या फलाटावरून वर चढून, शिंकान्सेन पकडतो. नकाशावर रेघ वाढली आणि त्याचा सरळ प्रवास तुटला.

ऋता_विरार

काका, नाना, दादा, खूप आभार. मग स्पेनने काय केलं? त्यांचा गेज १६६८, जवळजवळ आपल्याइतकाच.

कुर्डुवाडीकर

स्पेन तुझ्यासाठी जपानपेक्षा जवळचा आहे. १९९२ ला सेव्हियाच्या जागतिक प्रदर्शनाआधी त्यांनी माद्रिद-सेव्हिया मार्ग सुरू केला आणि तो १४३५ वर बांधला, म्हणजे फ्रान्सच्या रुळांशी कधीतरी जोडता येईल. पण टाल्गो कंपनीकडे गेज बदलणारे डबे १९६९ पासून होते, फ्रान्सच्या सीमेवर ते रोज वापरात होते. त्या डब्याला दोन चाकांना जोडणारा आसच नसतो, प्रत्येक चाक सुटं. गाडी गेज बदलण्याच्या शेडमधून चालण्याच्या वेगाच्या थोडी वर सरकते आणि चाकं आपोआप नव्या अंतरावर बसतात. म्हणून तिथे वेगवान मार्ग जिथपर्यंत झाला तिथे शेड उभारली आणि पुढे जुन्या रुळांवरून गाडी गावापर्यंत नेली. मार्ग पुढे सरकला की शेडही पुढे. माद्रिद-बार्सिलोना पूर्ण व्हायला २००८ उजाडलं, तोवर कोणाला थांबून राहावं लागलं नाही. २०१६ ला टाल्गोच्या डब्यांची चाचणी मथुरा-पलवल मार्गावर ताशी १८० पर्यंत झाली होती, तेव्हा मला फार आशा वाटली होती.

आपल्या मार्गाबद्दल माझं मत स्पष्ट सांगतो. ५०८ किलोमीटरचा पहिला मार्ग वेगळ्या गेजवर असायला माझा विरोध नाही, तो रात्रीच्या त्या सहा तासांमुळेच. माझी काळजी स्टेशनांची आहे. अहमदाबाद आणि वडोदऱ्याला नवं स्टेशन जुन्याला लागून आहे, उत्तम. सुरतचं अंत्रोलीला, शहराबाहेर. ठाण्याचं म्हातार्डीला, म्हणजे आजच्या ठाणे स्टेशनपासून बरंच लांब.

जपानमध्ये एकाच दिवशी उघडलेली अशी दोन स्टेशनं बघ. शिन-योकोहामा १९६४ ला शेतात होतं, पण त्याच वेळी खालून जाणाऱ्या योकोहामा मार्गावर नवं स्टेशन दिलं. १९८५ ला मेट्रो आली, २००८ पासून सगळ्या नोझोमी, म्हणजे त्या मार्गावरच्या सगळ्यात वेगवान गाड्या, तिथे थांबतात. गिफू-हाशिमाही शेतात होतं. त्याला दुसरी रेल्वे यायला १९८२ उजाडलं. सगळ्यात वेगवान गाडी आजही तिथे न थांबता जाते.

तुझ्या सेमिनारसाठी एकच सुचवतो. विरारच्या नव्या स्टेशनची जागा नकाशावर काढ. आजच्या विरार स्टेशनपासून तिथे जायला कोणता रस्ता आहे, किती रुंद आहे, बस कुठली, सकाळी आठला किती वेळ लागतो ते स्वतः जाऊन मोज. नाना, तुम्ही बोईसरचं तेवढंच करून इथे टाकाल का? म्हातार्डीचं मोजायला मी दिव्याच्या एका जुन्या सहकाऱ्याला सांगतो.

पालघरवाला_नाना

टाकतो. रविवारी नको, रविवारी रस्ता मोकळा असतो. सोमवारी सकाळच्या वेळेलाच जातो.